वाचनालयासाठी जुन्या संशोधन-नियतकालिकांची पुनर्मुद्रणं: काय घ्यावं, काय टाळावं?

हलशी_रोड
नमस्कार मंडळी. खानापूर तालुक्यातल्या आमच्या गावच्या वाचनालयाला एका देणगीदारांनी २०,००० रुपये दिलेत. अट एकच: कथा-कादंबऱ्या नकोत, 'टिकाऊ' काहीतरी घ्या. मी निवृत्त संस्कृत शिक्षक, त्यामुळे यादी करायचं काम माझ्या गळ्यात पडलं. माझ्या मनात जुन्या नियतकालिकांची पुनर्मुद्रणं आहेत. इंडियन अँटिक्वरी, पुण्याच्या भांडारकर संस्थेचं नियतकालिक 'अॅनल्स', संस्कृत ग्रंथांची काव्यमाला वगैरे. शिकत असताना हे सगळं तळटीपांमध्येच भेटलं, हातात कधी आलं नाही.

गेल्या महिन्यात मी घरासाठी म्हणून एक खंड ऑनलाइन मागवून बघितला. वर चकचकीत कव्हर, ताजमहालाचं चित्र (आत ताजमहालाचा उल्लेखसुद्धा नाही), आणि आतला देवनागरी मजकूर म्हणजे मुंग्या फिरल्यासारखा. विक्रेत्याला फोन केला तर म्हणाला, 'सर, जुनं पुस्तक आहे, असंच असतं.' पैसे गेले ते गेलेच. पण आता लोकांचे पैसे आहेत, म्हणून विचारतोय. संपूर्ण संच घ्यावा की निवडक खंड? आणि चांगलं पुनर्मुद्रण ओळखायचं कसं?

निपाणी_नाका
संच घेऊ नका. एवढंच सांगतो. आमच्या एका संस्थेने घेतला होता, वीस वर्षं दोरीत बांधलेला आहे.

टिळकवाडीचा_वाचक
सर, नमस्कार. निपाणीकरांचं म्हणणं बरोबर आहे, पण का ते सांगायला हवं.

इंडियन अँटिक्वरी १८७२ साली जेम्स बर्जेसने मुंबईत सुरू केलं आणि ते १९३३ पर्यंत चाललं. साठाच्या वर खंड. १९८० च्या दशकात दिल्लीच्या स्वाती पब्लिकेशन्सने त्याचं पुनर्मुद्रण केलं, विद्यापीठांच्या कपाटांत बहुधा तेच दिसतं. तुमच्या रकमेत ते बसणार नाही, आणि बसवूही नये. त्यात लोककथा आहेत, जातींच्या नोंदी आहेत, सयाम-ब्रह्मदेशापर्यंतच्या बातम्या आहेत. गावच्या वाचनालयात त्यातले आठ-दहा लेख वाचले जातील. मग ते आठ-दहा कोणते हे आधी ठरवा आणि त्यांचे खंड घ्या.

तुमच्यासाठी पहिलं नाव सहाव्या खंडाचं. १८७७ चा. त्यात फ्लीट या ब्रिटिश अधिकारी-अभ्यासकाने हलशीचे कदंब राजांचे ताम्रपट छापलेत. हलशी म्हणजे त्या ताम्रपटांतली पलाशिका. काकुस्थवर्म्याने श्रुतकीर्ती सेनापतीला दिलेलं शेत, मृगेशवर्म्याने पलाशिकेत बांधवलेलं जिनालय (जैन मंदिर), रविवर्म्याच्या काळात कार्तिकात आठ दिवस जिनेंद्राचा उत्सव करायची आज्ञा. हे सगळं तुमच्या वाचनालयापासून सायकलच्या अंतरावर घडलं. वाचकाला भूवराह नरसिंहाचं देऊळ माहीत असतं, पण त्या मातीतलं संस्कृत कसं होतं ते माहीत नसतं.

त्याच्या जोडीला अगदी पहिला खंड घ्या, १८७२ चा. रा. गो. भांडारकरांचा पतंजलीच्या काळावरचा लेख त्यात आहे. पतंजलीच्या महाभाष्य या व्याकरणग्रंथातलं 'इह पुष्यमित्रं याजयामः' (इथे आम्ही पुष्यमित्राकडून यज्ञ करवतो) हे उदाहरण पकडून त्यांनी पतंजलीला शुंग राजा पुष्यमित्राच्या काळात बसवलं. पुढच्या वर्षी बर्लिनहून वेबरने हरकत घेतली, भांडारकरांनी उत्तर दिलं. पस्तिशीतला मराठी प्राध्यापक आणि जर्मनीतला नावाजलेला पंडित, दोघं एका मासिकाच्या पानांवर भांडताहेत. पुढे पुस्तकांत निष्कर्ष तेवढे येतात, भांडण इथेच सापडतं. म्हणून मला नियतकालिकं आवडतात.

हलशी_रोड
वाचक साहेब, 'इह पुष्यमित्रं याजयामः' मी पंचवीस वर्षं 'वर्तमाने लट्' या वर्तमानकाळाच्या सूत्राचं उदाहरण म्हणून फळ्यावर लिहिलं. त्यावर एवढा वाद झाला हे कुणी सांगितलं नव्हतं. पहिला आणि सहावा खंड यादीत घेतले.

रद्दीतला_राजा
रविवार पेठेतनं लिहालोय. सर, फसवणूक कशी होते ते मी सांगतो, धंदाच आपला पुस्तकांचा. पुनर्मुद्रण म्हणजे तीन जाती. एक, जुन्या पानाचा फोटो काढून ऑफसेटवर छापलेलं. हे चांगलं, पानांचे नंबर मूळचेच राहतात. दुसरं, इंटरनेटवरचा स्कॅन उतरवून मागणी आली की एकेक प्रत छापून पाठवणारे. हे नशिबावर हाय. स्कॅन करणाऱ्याचा अंगठा पानावर आलेला असेल तर अंगठ्यासकट छापतात, मी बघितलंय की. तिसरं, मशीनकडनं अक्षरं ओळखून घेऊन नवीन जुळवलेलं. इंग्रजी एकवेळ चालतंय, पण संस्कृत आलं की संपलं. तुमच्या त्या मुंग्या ह्या तिसऱ्या जातीच्या.

आता मुख्य गोष्ट, ही कोण सांगत नाहीत. ताम्रपटाच्या लेखात मूळ पत्र्यांवरच्या अक्षरांच्या ठशांची मोठी पानं घडी घालून लावलेली असतात. स्कॅन करणारा घडी उघडत नाही. मग पुस्तकात अर्धाच पत्रा छापलेला असतोय, नाहीतर कोरं पान. लेख हाय, ठसा नाही. ऑर्डर द्यायच्या आधी त्या पानाचा फोटो मागायचा. फोटो देत नसेल तर सोडून द्यायचं, गिऱ्हाईक आपण हाय.

निपाणी_नाका
अंगठ्यासकट! मान्य.

सदलग्याची_माहेरवाशीण
सर, संस्कृतच्या जोडीला प्राकृत विसरू नका हो. आमच्या चिकोडी भागातल्या सदलग्यात १९०६ साली जन्मलेले आदिनाथ नेमिनाथ उपाध्ये कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजात अर्धमागधी शिकवायचे. त्यांनी संपादलेली 'लीलावई' १९४९ साली सिंघी जैन ग्रंथमालेत आली. कोऊहल कवीचं महाराष्ट्री प्राकृतातलं काव्य, नायक सातवाहन राजा, नायिका सिंहलची राजकन्या. ३ ऑक्टोबर २०२४ ला मराठीला अभिजात दर्जा मिळाला तेव्हा आमच्याकडे पेढे वाटले, पण ज्या महाराष्ट्रीचं नाव त्यात घेतलं जातं ती वाचायला शिकवणारा माणूस आपल्याच बाजूचा, हे पेढे वाटणाऱ्या कुणालाच माहीत नव्हतं. (मलाही लग्नानंतर पुण्यात कळलं. सासरच्यांनी सांगितलं, ही आणखी एक गंमत.)

उपाध्यांचे लेख किती ठिकाणी विखुरलेत. भांडारकर संस्थेचे अॅनल्स, मुंबई विद्यापीठाचं जर्नल, आणखी कुठे कुठे. ते सगळे खंड तुम्ही कसे गोळा करणार? म्हैसूर विद्यापीठाने १९८३ साली 'उपाध्ये पेपर्स' नावाने त्यांचे निवडक लेख एकत्र छापलेत. असा एक संग्रह दहा खंडांचं काम करतो. प. कृ. गोड्यांचंही तसंच. भांडारकर संस्थेत हस्तलिखितांची राखण करता करता त्यांनी शेकडो टिपणं लिहिली, त्यांचे 'स्टडीज इन इंडियन लिटररी हिस्टरी' असे तीन खंड आहेत. आणखी एक माला सांस्कृतिक इतिहासावर आहे. शोभेच्या दारूचा इतिहास सांगणारा माणूस तोच. तुमच्या गावातली पोरं पतंजली उघडणार नाहीत, पण हे उघडतील.

टिळकवाडीचा_वाचक
ताईंचा मुद्दा माझ्यापेक्षा चांगला आहे. संग्रह आधी, मग खंड. एक तोटा मात्र आहे: संग्रहात फक्त त्या माणसाचं म्हणणं येतं, त्याला उत्तर देणाऱ्याचं येत नाही.

आणि पैसे कुठे घालायचे नाहीत तेही सांगतो. अॅनल्सचे जुने अंक जेस्टोर या संकेतस्थळावर आहेत, मोफत खातं काढलं की दर महिन्याला ठरावीक लेख पडद्यावर वाचता येतात. महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीचे संपादक सुखठणकर, त्यांचे महाभारतावरचे 'एपिक स्टडीज' तिथेच आहेत, भृगुकुळाने भारताचं महाभारत कसं केलं तो लेख सोडू नका. मुंबईच्या एशियाटिक सोसायटीने आपलं जुनं जर्नल 'ग्रंथ संजीवनी' या संकेतस्थळावर चढवलंय. सौंदत्ती आणि बेळगावच्या रट्ट राजघराण्यावरची फ्लीटची लेखमाला त्या जर्नलच्या दहाव्या खंडात आहे. हे विकत घ्यायची गरज नाही. वाचनालयात एक जुना संगणक आणि प्रिंटर असेल तर काम झालं.

धारवाडचा_दोस्त
माझं मराठी चुकलं तर सांभाळून घ्या, घरी कन्नड आहे. सर, तुम्ही संस्कृत आणि प्राकृत म्हणताय, पण आपल्या भागातले निम्मे शिलालेख जुन्या कन्नडमध्ये आहेत. फ्लीटच्या लेखमालेचं नावच 'संस्कृत आणि जुनी कन्नड' असं आहे, तो दोन्ही एकत्र वाचत होता. बेळगावचे दोन मोठे शिलालेख लंडनला ब्रिटिश म्युझियममध्ये आहेत. रट्ट कार्तवीर्य चौथा, शके ११२७, म्हणजे इसवी १२०४, किल्ल्यातल्या जिनालयाला दिलेलं दान. बार्नेट या अभ्यासकाने ते एपिग्राफिया इंडिका या शिलालेखांच्या नियतकालिकाच्या तेराव्या खंडात छापलेत. दगड तिकडे आहे, आपल्याला पानावरच बघायचं. एपिग्राफिया इंडिका पुरातत्त्व खात्याने स्वतः पुन्हा छापलंय, त्यामुळे ठसे नीट आहेत. ह्या एका खंडाला पैसे घाला. सोबत किट्टेलचा कन्नड-इंग्रजी कोश, १८९४ चा, त्याचं पुनर्मुद्रण सहज मिळतं. मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश तुमच्याकडे असेलच.

हलशी_रोड
दोस्त, मराठी अजिबात चुकलं नाही. मोल्सवर्थ आहे, पहिली चाळीस पानं वाळवीने खाल्लेली. तेरावा खंड आणि किट्टेल लिहून घेतले. आमच्या वाचनालयात कन्नड शाळेची मुलंही येतात, त्यांच्यासाठी काहीच धरलं नव्हतं हे तुम्ही लिहिल्यावर लक्षात आलं.

करवीरकर
काव्यमालेबद्दल कुणीच बोललं नाही. मुंबईच्या निर्णयसागर छापखान्याने १८८६ मध्ये सुरू केलेली मासिक माला, संपादक पंडित दुर्गाप्रसाद आणि काशिनाथ पांडुरंग परब. छोटी काव्यं, स्तोत्रं, भाण, प्रहसनं एकत्र करून १४ गुच्छक निघाले, मोठे ग्रंथ वेगळे. हालाची गाथासप्तशती याच मालेत २१ वी. निर्णयसागरचा टाइप म्हणजे देवनागरीचा दागिना, पण पुनर्मुद्रणात शाई जास्त झाली की जोडाक्षरं भरून जातात. चौखंबाचं पुनर्मुद्रण फोटो काढून केलेलं आहे. हातात घेऊन 'ष्ट्र' आणि 'ङ्क्ष' बघा, ते सुटे दिसले तर बाकी सगळं वाचता येईल. संस्कृत शिक्षकाला अँटिक्वरीपेक्षा हेच जास्त उपयोगी, माझं स्पष्ट मत. अँटिक्वरी संस्कृतविषयी आहे, काव्यमाला संस्कृतच आहे.

आणि आमच्या राशिवड्याचे अप्पाशास्त्री! 'संस्कृतचंद्रिका' मासिक ते कोल्हापुरातून चालवत, वर 'सूनृतवादिनी' नावाचं साप्ताहिक. आठवड्याला संस्कृतातून बातम्या, तेही टपालखर्च सोसून. त्याचे मूळ अंक कुठे दिसले तर पुनर्मुद्रणाची वाट बघू नका.

रद्दीतला_राजा
चंद्रिका माझ्याकडे एकदाच आलेली, सुटे अंक. एका भटजींनी घासाघीस न करता नेले. अजून चुटपुट लागते.

निपाणी_नाका
एक व्यावहारिक. झेरॉक्स काढून बांधून ठेवायचा विचार असेल तर कॉपीराइटचे हक्क बघा. लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षं. फ्लीट १९१७ ला गेला, मोकळा. गोडे १९६१, तेही मोकळे. उपाध्ये १९७५ ला गेले, म्हणजे २०३५ संपेपर्यंत थांबा, नाहीतर विकत घ्या.

आणि खानापूरचा पाऊस. कपाट भिंतीला टेकवू नका. जुलैमध्ये भिंतीकडचे खंड पहिले फुगतात, आमच्या दोरीतल्या संचाचं तेच झालं.

हलशी_रोड
सगळ्यांचे आभार. तीन आठवडे लागले, पण यादी झाली. अँटिक्वरीचा पहिला आणि सहावा खंड, शिवाय पहिल्या ५० खंडांची सूची मिळाली तर ती, म्हणजे पुढे कुणाला काही हवं असलं तर कुठे बघायचं ते कळेल. एपिग्राफियाचा तेरावा. उपाध्ये पेपर्स. लीलावई. गोड्यांचे खंड जितके मिळतील तितके. काव्यमालेचे गुच्छक करवीरकरांच्या सांगण्यावरून चार, कोल्हापूरला जाऊन हातात घेऊन बघूनच. किट्टेल. उरलेल्या पैशांत प्रिंटर, देणगीदारांना विचारलं, 'टिकाऊ' मध्ये प्रिंटर बसतो म्हणाले.

सहाव्या खंडासाठी दिल्लीच्या एका दुकानदाराशी बोललो. रविवार पेठेच्या सल्ल्याप्रमाणे घडीच्या पानांचे फोटो मागितले. त्याला आधी कळेचना की म्हाताऱ्याला लेखापेक्षा घडी का हवी. काल पहिला फोटो आला. पत्रा अखंड आहे, पत्रे ओवायच्या कडीचं भोकसुद्धा दिसतंय. दुसऱ्याचा अर्धाच आहे, पण ती फोटो काढणाऱ्याची चूक की पुस्तकाची ते समजत नाही. घडी उघडून पुन्हा काढा म्हणून सांगितलंय.

रद्दीतला_राजा
बरोबर केलं सर. तो येईपर्यंत पैसे पाठवू नका.