रीळ सडतं, नासतं की विरतं?

प्रश्न : दादरच्या आमच्या फिल्म सोसायटीत बिल मॉरिसन यांचा 'डिकेजिया' (२००२) दाखवायचा आहे. खराब होत चाललेल्या जुन्या फूटेजमधूनच तो जुळवलाय. माहितीपत्रकात 'सडलेल्या चित्रफितींचा चित्रपट' लिहिलं, पण खटकतंय. दुसरा शब्द सुचवाल का?

उत्तर : खटकणारच. 'सडणं' म्हटलं की किळस आली. त्या चित्रपटात एक मुष्टियोद्धा ठोसे मारतो आणि समोर पंचिंग बॅगच्या जागी डागांचा नुसता उसळता खांब आहे. ते दृश्य त्या डागांमुळेच उभं राहतं! आणि 'चित्रफीत' व्हिडिओ टेपला चिकटलाय. इथे रीळ म्हणा.

आधी रिळाचं काय होतं ते बघू. नायट्रेट या जुन्या प्रकारच्या फिल्मवरचं चित्र आधी विटतं, मग थर चिकट होतो, फुगे येतात, शेवटी तपकिरी भुकटी उरते. नंतरच्या ॲसिटेट फिल्मचं वेगळं. त्यातून ॲसेटिक आम्ल सुटतं, डबा उघडताच व्हिनेगरचा वास येतो. अशी फिल्म 'आंबली' म्हणता येईल. उष्णता आणि दमटपणा यांमुळे या दोन्ही प्रक्रियांचा वेग वाढतो, आणि मुंबईत उष्णता-दमटपणाची कमी नाही. गिरगावात १९१३ साली कोरोनेशन थिएटरमध्ये लागलेल्या 'राजा हरिश्चंद्र'चा काही भागच आज उरलाय. तिथल्याच मॅजेस्टिकमध्ये १९३१ साली झळकलेल्या 'आलम आरा'ची तर एकही प्रत हाती नाही. त्याला 'नष्ट' म्हणावं, आणि तो शब्द तेवढ्यासाठीच ठेवावा. मॉरिसन यांच्या रिळांत माणसं अजून दिसतात, हलतात.

मला 'विरणं' योग्य वाटतं. लुगडं विरतं तेव्हा वीण दिसत राहते आणि पलीकडचंही दिसू लागतं. शिवाय विरणं म्हणजे हळूहळू दिसेनासं होणं. इथे दोन्ही अर्थ हवेत.

प्रश्न : 'जीर्ण' नाही चालणार? भारदस्त आहे.

उत्तर : शब्द सुंदर आहे, पण त्याच्या पाठोपाठ 'जीर्णोद्धार' येतो. जुन्या फिल्मचे ओरखडे काढून, रंग सावरून ती पुन्हा उभी करणं म्हणजे जीर्णोद्धार. मुंबईत फिल्म हेरिटेज फाउंडेशन ते काम मनापासून करतं, त्यासाठी तो शब्द अगदी चपखल आहे. मॉरिसन डाग पुसत नाहीत, आहेत तसे पडद्यावर आणतात. दुसरं म्हणजे 'जीर्ण' झालेली अवस्था सांगतो, 'विरतं' मध्ये क्रिया अजून चालू आहे. 'विरत्या रिळांतून घडवलेला चित्रपट' असं लिहा. आणि नायट्रेटची माहिती देताना 'विघटन' वापरा, तिथे तोच नेमका आहे.