दुसऱ्या महायुद्धातल्या विमान कारखान्यांनी बायकांना खरंच काय दिलं?

सायली_क:
'युद्धामुळे बायका कमावत्या झाल्या' हे ऐकलं की चीड येते. ग्लासगोजवळच्या हिलिंग्टनला रोल्स-रॉइसच्या कारखान्यात मर्लिन इंजिनं बनायची. स्पिटफायर या लढाऊ विमानात बसायची तीच. १९४० चा करार असा होता की ३२ आठवड्यांनंतर बाई देखरेखीशिवाय पुरुषाचं काम करू लागली, तर तिला पुरुषाचा दर मिळायचा. प्रत्यक्षात त्याच कामावर 'बायकांचं काम' असा शिक्का मारून दर पाडला. शेवटी १९४३ मध्ये, ऐन युद्धात, हजारो जणी संपावर गेल्या. कुणी काही दिलं नाही, त्यांनी भांडून घेतलं.

जुना_टर्नर:
सायलीताई, कारखान्यात शिरल्याशिवाय संप करता येतो का? त्या संपात पुरुषही उतरले होते. तडजोडीत एकेका यंत्रावरच्या मजुरीचा दर ठरला, मग चालवणारी बाई असो की बाप्या. अमेरिकेत मिशिगनच्या विलो रन कारखान्यातून १९४४ मध्ये तासाला एक बी-२४ बॉम्बर विमान बाहेर पडत होतं. रिव्हेट, म्हणजे पत्रे जोडणारी खीळ, जोडीनं बसवतात. एकीकडे गन, पत्र्याच्या पलीकडे दुसरीनं घट्ट धरलेला लोखंडी ठोकळा. तो जरा हलला की पत्र्याला पोचा. उभा जन्म वर्कशॉपमध्ये गेला माझा, हातात बसलेलं कसब कुणी काढून घेत नाही.

सायली_क:
कसब राहिलं, काका, पण काम काढून घेतलं. १९४५ मध्ये ऑर्डरी थांबल्या आणि बायका घरी. गरज सरो, वैद्य मरो. अमेरिकन सरकारच्या पैशावर चालणाऱ्या पाळणाघरांचा निधीही १९४६ मध्ये बंद झाला. ब्रिटनमध्ये तर मार्च १९४४ ला खासदारांनी शिक्षिकांना समान वेतन एका मतानं मंजूर केलं, तेही चर्चिलनी सरकारवरच्या विश्वासाचा प्रश्न करून फिरवलं. समान वेतनाचा कायदा अमेरिकेत १९६३ ला आला, ब्रिटनमध्ये १९७० ला.

जुना_टर्नर:
बायका घरी पाठवल्या हे खरं, ते मला नाकारायचं नाही. पण त्या यंत्रावर उभ्याच राहिल्या नसत्या, तर १९६३ ला बोट कशाकडे दाखवलं असतं?

वेदा_भोसरी:
मी सीएनसीवर, म्हणजे संगणकावर चालणाऱ्या मशीनवर आहे. सेटिंग मी करते, ऑफसेट (हत्याराच्या मापाची दुरुस्ती) मी टाकते, कागदावर मात्र 'हेल्पर'. शेजारच्या मशीनवरचा मुलगा 'ऑपरेटर'. काका, कसब माझ्याही हातात आहे, पगारात दिसत नाही. मला ती हिलिंग्टनची यादी हवी आहे, मशीनचं नाव आणि पुढे दर. आमच्या युनियनच्या बैठकीत मांडायची आहे.