कापसानं भरलेल्या खोलीत आवाज कुठं जाते?

धुऱ्यावरचा (दारव्हा)

राम राम मंडळी. प्रश्न जरा येडपट हाय, पण विचारून रायलो.

माह्या पोट्टीले रोज रात्री एका राज्याची गोष्ट सांगतो. राज्याचं नाव ऊपूर. नाव तिनंच ठेवलं. वावरातल्या विहिरीत वाकून 'ऊ' केलं का खालून जे 'ऊ' येते, ते तिथल्या लोकायचं, असा तिचा हिशेब. ऊपुरात लिहिणं-वाचणं नाही. आठवण ठेवाची असली का विहिरीत बोलून ठेवतात. जितकी जुनी आठवण तितकी खोल विहीर. राजाची विहीर तर इतकी खोल का आज्याच्या आज्याचा खोकला अजून वर येऊन रायला.

इथवर बरं चाललं होतं. मंग तिनं दोन प्रश्न टाकले. पावसाळ्यात विहीर भरते, तवा आठवणी बुडतात का? अन् गेलेला आवाज परतच नाही आला, तर तो रायते कुठं?

पहिल्याले थाप मारली. दुसऱ्याले जमली नाही, काहून का ते आमच्या घरातच घडते. सीतादही, म्हणजे कापूस वेचाच्या आधीची वावरातली पूजा, झाली का दिवाळीपासून मधली खोली कापसानं भरत जाते. भाव वाढाची वाट पाहत माल तसाच पडून. यंदा छताच्या हातभर खालपर्यंत होता. पोट्टीले आत खेळू देत नाही, अंगाले खाज सुटते. पण दारात उभं राहून बोललं का आवाज तोंडापुढंच पडते, जसा काही कोणी ओढून घेतला. बाबा होते तवा कर्जाचं बोलणं मुद्दाम त्याच खोलीत जाऊन फोनवर करत. बाहेर सपरीत बसून आम्हाले एक शब्द ऐकू येत नसे.

फेब्रुवारीत माल उचलला. दुसऱ्या दिवशी पोट्टी रिकाम्या खोलीत गेली, 'ऊ' केलं, अन् खोली बोलली. ती नाचाले लागली. मले मात्र भेव वाटलं का आता बाबाचं सारं बोलणं बाहेर पडते का काय.

तर विचारतो, ऊपुरात शांतता कशाची ठेवू? रिकाम्या जागेची का भरलेल्या?

विज्ञानवाले मास्तर (अचलपूर)

भाऊ, भरलेल्या जागेची. तुमची खोली अगदी पुस्तकाप्रमाणे वागते आहे. आवाज म्हणजे हवेची थरथर. कापसाच्या तंतूंमधून ती घासत जाते आणि तिची उष्णता होते. इतकी किंचित की हाताला कळणार नाही.

१८९५ च्या सुमारास हार्वर्डमध्ये वॉलेस सॅबिन नावाच्या तरुण प्राध्यापकाकडे एक घुमणारं व्याख्यानगृह दुरुस्तीला आलं. एक शब्द पाच सेकंदांहून जास्त रेंगाळायचा, पुढचे शब्द त्यात बुडायचे. हा गडी रात्री जवळच्या नाट्यगृहातल्या गाद्या आणून मांडायचा, ऑर्गनचा स्वर थांबल्यावर तो किती वेळ ऐकू येतो ते मोजायचा, मग गाद्या परत पोचवायचा. गाद्या वाढल्या की रेंगाळणं कमी. त्यातून सूत्र निघालं. तुम्ही तोच प्रयोग कापसावर केलात.

विहिरीचं थोडं वेगळं. प्रतिध्वनी मूळ आवाजापासून सुटा ऐकू यायला तळ १७ मीटर तरी दूर हवा. त्याहून जवळ असला तर ते घुमणं. आणि पाणी वर चढलं की घुमण्याचा सूरही चढतो, लोटा भरताना चढतो तसा. तेव्हा आठवणी बुडत नाहीत, पावसाळ्यात बारीक आवाजात बोलतात.

चिखलदऱ्याचा जावई

मास्तरांचं मान्य, पण परत येतं ते पूर्ण येतं हे कोणी सांगितलं? आमच्याकडे पंचबोल पॉईंट आहे. आवाज पाच वेळा परत येतो म्हणून पंचबोल. लग्नानंतर पहिल्यांदा गेलो तर तिथं उभं राहून बायकोचं नाव ओरडलो. अख्खं नाव एकदा आलं. मग निम्मं. तिसऱ्यांदा नुसती शेवटची 'ता'. पुढचे दोन सासऱ्यांनी मोजले, मला काही ऐकू आले नाहीत. जावई म्हणून हो म्हटलं.

ऊपुरातल्या आठवणींना डोकं ठेवू नका. शेपटीच तेवढी राहते.

दळणवाली (साकोली)

बाळा, विहीर झाली, डोंगर झाला. घरातल्या जात्याचं कोणी बोललं नाही.

माझ्या नातवानं ओव्या मोबाईलमध्ये घ्यायला मला खुर्चीवर बसवलं. एक आठवेना. लहानपणापासून म्हटलेल्या ओव्या, अन् तोंड कोरडं. शेवटी कोपऱ्यातलं जातं ओढून आणलं, दाणे न घालताच खुंटा फिरवला. घरघर सुरू झाली अन् एकामागून एक एकोणीस ओव्या निघाल्या. हात थांबवला की ओवी थांबे. रेकॉर्डिंगमध्ये जातंच जास्त आहे, मी कमी.

तुझ्या राज्यात एखादी म्हातारी ठेव, जिला काही आठवत नाही. अन् तिच्या हाती काहीतरी फिरवायला दे.

धुऱ्यावरचा

काकू, म्हातारी कालच आली ऊपुरात. पोट्टीनं तिच्या हाती सायकलचं चाक देलं, घरी तेच होतं.

मास्तर, दोराले दगड बांधून विहीर मोजली. काठापासून पाण्यापर्यंत साडेअकरा मीटर, म्हणजे आमचं घुमणंच म्हणा. अन् तुमच्या हिशेबानं बाबाचं बोलणं कापसाची ऊब होऊन गेलं. मालासंगं जिनिंगमधे गेलं असं मी मनाशी धरलं. बरं झालं, तिथं कोणाले समजणार नाही.

आता नवं लफडं. मी सांगितलं का राजाचा वाडा छतापर्यंत कापसानं भरला हाय, म्हणून त्याले रयतेचं ऐकू येत नाही. गरिबायची घरं रिकामी, म्हणून तिथं साऱ्या आठवणी घुमतात. पोट्टी म्हणे, मंग राजानं कापूस विकून टाकाचा ना. मी म्हटलं, भाव नाही. ती म्हणे, भाव तर राजाच ठरवते.

गोष्ट तिथं अडली. जावईबापू, तुम्हाले काही सुचते का?