आदेश होऊन वर्ष उलटले : अवमान याचिका की पुन्हा रिट?

निवृत्त मास्तर :
नमस्कार. अनुदानित शाळेतून निवृत्त झालो. माझ्या निवड श्रेणीच्या (सेवाकाळानुसार मिळणाऱ्या वरच्या वेतनश्रेणीच्या) प्रस्तावावर आठ आठवड्यांत निर्णय घ्यावा, असा उच्च न्यायालयाचा आदेश होऊन तेरा महिने झाले. प्रमाणित प्रत मी दोनच दिवसांत शिक्षण खात्याच्या कार्यालयात देऊन पोच घेतली. त्यानंतर दोन स्मरणपत्रे दिली, हेलपाटे तर मोजलेच नाहीत. गेल्या महिन्यात एका ओळीचे उत्तर आले : ‘प्रकरणी वरिष्ठ कार्यालयाकडून मार्गदर्शन मागविण्यात आले आहे.’ अवमान याचिकेची वर्षाची मुदत संपल्यामुळे आता नव्याने रिट याचिकाच करावी लागेल, असे एका परिचितांनी सांगितले. हे खरे आहे का?

काळा कोट :
नाही. न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ च्या कलम २० मधील एक वर्ष आदेशाच्या तारखेपासून नव्हे, तर अवमान घडल्यापासून, म्हणजे आपल्या बाबतीत आठ आठवडे उलटल्यापासून मोजायचे असते. आपल्या हाती जेमतेम तीन आठवडे आहेत. तेवढ्यात याचिका दाखल झाली म्हणजे पुरे, हे सर्वोच्च न्यायालयाने पल्लव शेठ प्रकरणात २००१ मध्ये स्पष्ट केले आहे.

मात्र आदेशातील क्रियापद पुन्हा वाचा. ‘लाभ द्यावा’ असे असते तर गोष्ट वेगळी होती. ‘निर्णय घ्यावा’ एवढेच असेल, तर नोटीस मिळताच कार्यालय घाईघाईने प्रस्ताव अपात्र ठरवील, उशिराबद्दल माफी मागेल आणि अवमानाचे प्रकरण बहुधा तिथेच मिटेल. तो निर्णय बरोबर की चूक, हे अवमानाच्या कार्यवाहीत तपासले जात नाही. त्यातून दाद मागण्याचे नवे कारण उद्भवते, असे जे. एस. परिहार प्रकरणात १९९६ मध्येच ठरले आहे. तशी वेळ आली तर दुसऱ्या रिटमध्ये पुन्हा ‘निर्णय घ्यावा’ अशी मागणी करू नका. नकार रद्द करून थकबाकी व्याजासह थेट देण्याचा आदेश मागा.

माजी अधीक्षक :
वेगळ्या खात्यात अठ्ठावीस वर्षे काढली, तरी ‘मार्गदर्शन’ या शब्दाचा अर्थ सगळीकडे एकच : फाईल जागची हललेली नाही. आदेश मान्य नसेल तर अपील करून स्थगिती मिळवावी; दोन्ही न करता स्वस्थ बसण्याची सोय कायद्यात नाही. अवमानाची जबाबदारी व्यक्तिशः असल्यामुळे अधिकाऱ्याची बदली झाली असल्यास, आदेशाची प्रत जोडून सध्याच्या अधिकाऱ्यांना नावानिशी पत्र द्या. ‘प्रकरण माझ्या काळातील नाही’ हे उत्तर मी स्वतः टिपणीत लिहिलेले आहे.

कागदावर शिक्षा सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. प्रत्यक्षात ती क्वचितच होते. पण आरागिरण्यांच्या प्रकरणात २००६ साली आपल्याच राज्याच्या एका मंत्र्यांना आणि प्रधान सचिवांना सर्वोच्च न्यायालयाने महिनाभराची कैद सुनावली होती.

निवृत्त मास्तर :
आदेश पुन्हा वाचला. शब्द ‘नियमानुसार निर्णय घ्यावा’ असेच आहेत, आणि अधिकारीही मध्यंतरी बदलले आहेत. नावानिशी पत्र उद्याच देतो आणि परवा वकिलांना भेटतो.