मदत हवी आहे: किरा मुरातोवांच्या कारकिर्दीची मांडणी कोणत्या क्रमाने करावी?

नमस्कार.

आमच्या फिल्म सोसायटीत पुढच्या महिन्यात सोव्हिएत दिग्दर्शिका किरा मुरातोवा यांचा ‘दीर्घ निरोप’ दाखवला जाणार असून त्याआधीचे वीस मिनिटांचे प्रास्ताविक माझ्याकडे आले आहे. टिपणे काढून झाली आहेत. घोडे अडले आहे ते क्रमापाशी.

मॉस्कोच्या व्हीजीआयके या चित्रपट संस्थेत दिग्दर्शक सर्गेई गेरासिमोव्ह यांच्या हाताखाली शिकून मुरातोवा ओडेसा स्टुडिओत रुजू झाल्या. १९६७ च्या ‘छोट्या भेटी’त शहराचा पाणीपुरवठा सांभाळणाऱ्या अधिकारी बाईंची भूमिका त्यांनी स्वतःच केली, तर त्या बाईंच्या सतत फिरतीवर असणाऱ्या भूगर्भशास्त्रज्ञ प्रियकराची व्लादिमीर विसोत्स्की यांनी. (पाणी न आलेली नवी इमारत ताब्यात घ्यायला ही बाई नकार देते, हा भाग आपल्याकडच्या प्रेक्षकांना वेगळा समजावून द्यावा लागणार नाही.) तो चित्रपट निदान मोजक्या ठिकाणी लागला, १९७१ चा ‘दीर्घ निरोप’ मात्र थेट बासनात गेला. त्यात घोषणा नाही, बंड नाही. वयात येणारा मुलगा दूर राहणाऱ्या वडिलांकडे जाऊ पाहतो आणि आई कासावीस होते, एवढीच गोष्ट आहे. पुढचा चित्रपट त्यांना १९७८ मध्ये, तोही लेनफिल्म स्टुडिओत, करता आला. १९८३ मध्ये ‘करड्या दगडांमध्ये’ची इतकी काटछाट झाली की त्यांनी श्रेयनामावलीतून स्वतःचे नाव काढून घेतले आणि दिग्दर्शक म्हणून ‘इवान सिदोरोव्ह’ असे, आपल्या ‘अमुक तमुक’सारखे, नाव झळकले.

मे १९८६ मध्ये सोव्हिएत चित्रपटकर्मींच्या संघाची सूत्रे दिग्दर्शक एलेम क्लिमोव्ह यांच्याकडे आली, अडकलेल्या चित्रपटांसाठी समिती नेमली गेली आणि १९८७ मध्ये ‘छोट्या भेटी’ आणि ‘दीर्घ निरोप’ हे दोन्ही जुने चित्रपट लोकांसमोर आले. माझी अडचण इथेच आहे. निर्मितीच्या क्रमाने सांगितले, तर कारकीर्द सलग वाटते. पण तेव्हाच्या बहुतेक सोव्हिएत प्रेक्षकांच्या दृष्टीने त्रेपन्न वर्षांची ही दिग्दर्शिका १९८७ मध्येच अवतरली होती. सहकारी सुचवतात की सरळ ‘वीस वर्षांची बंदी’ म्हणावे. मला ते चुकीचे वाटते, कारण मधल्या काळात त्यांनी काम केले आहे. जाणकारांनी कृपया मत द्यावे.

प्रतिसाद:

‘बंदी’ हा शब्द मीही टाळेन. निर्माता, वितरक आणि परीक्षक या तिन्ही जागी शासनच असल्यामुळे तिथे बंदीहुकमाची गरजच नसे. प्रती कमी काढल्या की काम भागत असे. ‘छोट्या भेटी’ आणि ‘दीर्घ निरोप’ यांच्या नशिबातला फरक त्यामुळेच स्पष्ट सांगावा. सुरुवात १९८३ च्या त्या खोट्या नावापासून करा, तिथून मागे १९६७ कडे जा आणि मग १९८७ वर या. शेवटी त्यांच्या ‘अस्थेनिक सिंड्रोम’साठी दोन मिनिटे राखून ठेवा: १९९० मध्ये बर्लिन महोत्सवात रौप्य अस्वल हा पुरस्कार मिळवणारा हा चित्रपट त्यातल्या शिव्यांमुळे पेरेस्त्रोइकाच्या, म्हणजे गोर्बाचेव्ह यांच्या सुधारणांच्या, मोकळ्या काळातही अडचणीत आला होता. प्रेक्षकांमध्ये शाळकरी मुले असतील, तर त्यातला तुकडा मात्र दाखवू नका.