आफ्रिकान्स सिनेमाचा एडिटर त्या भाषेवर पोट भरतो का? (कोकणी-मराठीत उतरायचं मनात आहे)

फोंडेकर_कट:
नमस्कार. मी फोंड्याला लग्नांचे व्हिडिओ एडिट करतो, सात वर्षं झाली. परवा ऑलिवर हर्मानसचा २०११ चा स्कोनहेट बघितला, दक्षिण आफ्रिकेतला, भाषा आफ्रिकान्स. सुरुवातच लग्नाच्या हॉलात आहे, कॅमेरा गर्दीतून हळूहळू पुढे जातो आणि कटच येत नाही, मी अशा हॉलात दर दोन सेकंदाला कट मारतो हो. एडिटर जॉर्ज हॅनमर. आता विचारायचं हे की एवढ्या छोट्या भाषेत हे लोक आयुष्यभर काम करतात कसं, मला लग्नं सोडून सिनेमात यायचंय आणि घरात रोज त्यावरून वाद. सांगा मरे कोणीतरी.

म्हापशाची_नीता:
छोटी म्हणू नका बाब, २०११ च्या जनगणनेत तिथल्या साडेतेरा टक्के लोकांची ती घरची भाषा होती, आणि त्यातले निम्म्याहून जास्त गोरे नाहीत. जुन्या काळात सरकारने हात दिला, १९५६ पासून तिकीटविक्रीवर सबसिडी आणि पुढे आफ्रिकान्सला इंग्रजीपेक्षा जास्त, पण ती वर्णभेदाच्या राज्याची मर्जी होती हे विसरायचं नाही. आता आधार टीव्हीचा. १९९९ ला कायकनेट हे आफ्रिकान्स चॅनल आलं, ते सिनेमांनाही पैसे घालतं. रोजचं शीत म्हणजे भात मालिकेचा, सिनेमा म्हणजे नुस्तं, मासळी, मिळालं त्या दिवशी मिळालं. सेवेन्दे लान ही मालिका २००० पासून २०२३ पर्यंत चालली, विचार करा किती एडिटरांची घरं त्यावर उभी राहिली असतील, आणि ती बंद झाली तेव्हा काय झालं असेल. आपल्याकडे कोकणीला तसं चॅनल नाही, माझ्या मते खरी अडचण ती. हॅनमरने पण मोफी हा सिनेमा केला २०१९ ला, दुसऱ्या एका एडिटरबरोबर, त्यात इंग्रजी आणि आफ्रिकान्स दोन्ही आहे. म्हणजे एकाच भाषेला बांधून घेऊ नका, मराठी कोकणी दोन्ही धरा.

रशेसवाला:
पैशाचं नीताबायने सांगितलं, मी कामाचं सांगतो. आफ्रिकान्समध्ये नकार दोनदा येतो. मी त्याला पाहिलं नाही हे ते म्हणतात, ‘एक हेट होम नी खसीन नी’. पहिल्या नी ला कळतं की नकार आहे, दुसरा नी वाक्य मिटवतो. मधे जी जागा आहे ना ती एडिटरची, पहिल्या नी नंतर ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर जा, दुसरा नी त्या चेहऱ्यावर पडू दे, खोटं वाटणार नाही. आपलं तसं नाही. हांवें तें पळयलें ना, मराठीत मी ते पाहिलं नाही, सगळा जीव शेवटच्या शब्दात. त्याआधी समोरच्याचा चेहरा पडलेला दाखवला तर त्याला आधीच कळलं कसं? मी एका कोकणी शॉर्टफिल्ममध्ये हीच चूक केली, आई बोलतेय आणि मुलगा ना च्या आधी मान खाली घालतो, स्क्रीनिंगला मागच्या रांगेतली एक म्हातारी लगेच म्हणाली की याला पाठ आहे. बारा फ्रेम पुढे सरकवला कट आणि सीन बसला. इंग्रजीत शिकलेल्या एडिटिंगमध्ये हे येत नाही, तिथे नॉट आधीच येऊन जातो.

फोंडेकर_कट:
रशेसवाला दादा आत्ता रात्री एक वाजता जुना प्रोजेक्ट उघडला, सासरी जाताना मुलगी आजीला म्हणते मी रडणार नाही, आणि मी रडणार वरच आजीवर कट मारलेला, सात वर्षात एकदाही लक्षात आलं नाही. आवाज तसाच ठेवून चित्र ‘नाही’ नंतर बदललं तर आजीचे डोळे एकदम वेगळेच दिसतात हो. नीताताई, मराठी मालिकेचं काम पणजीत बसून मिळतं का की मुंबईलाच जावं लागेल?

म्हापशाची_नीता:
सुरुवातीची दोन वर्षं मुंबई. असिस्टंट म्हणून लागा, रशेस म्हणजे शूटिंगचं कच्चं फुटेज लावणं आणि त्याला आवाज सिंक करणं मिळेल, पण वाक्यं कानावर पडत राहतील दिवसभर. लग्नाचा सीझन मात्र सोडू नका, डिसेंबरात घरी या.