मदत हवी आहे: लहान नगरपरिषदेची मुद्रा आणि ध्वज कसा ठरवावा?

नमस्कार मंडळी,

नागपूर जिल्ह्याच्या संत्रापट्ट्यातील एका लहान नगरपरिषदेने गावासाठी नवी मुद्रा आणि जमल्यास ध्वजही तयार करण्याचे मनावर घेतले आहे. त्यासाठीच्या समितीत, मी पूर्वी तेथील शाळेत चित्रकला शिकवत असल्यामुळे, माझेही नाव घातले गेले. गावाचे नाव मुद्दामच लिहीत नाही, कारण विषय अजून सर्वसाधारण सभेपुढे यावयाचा आहे. मी आता नागपुरात राहतो, त्यामुळे येथील कोणी जाणकार भेटीसाठी वेळ देणार असतील तर मी आनंदाने येईन.

सध्याची स्थिती अशी आहे की नगरपरिषदेचा शिक्का म्हणजे गोलात लिहिलेले नाव आणि मधे तालुका व जिल्हा, एवढेच. पत्रशीर्षावर मात्र कोणा छपाईवाल्याने कधी तरी अशोकस्तंभाचे चिन्ह छापले आणि ते तसेच चालत आले आहे. समितीतील काही सदस्यांना नव्या मुद्रेतही तेच हवे आहे, कारण त्याशिवाय कागद ‘सरकारी’ दिसत नाही असे त्यांना वाटते. माझ्या समजुतीप्रमाणे राष्ट्रीय बोधचिन्हाच्या गैरवापराला आळा घालणारा २००५ चा कायदा आणि त्याखालील २००७ चे नियम यांमुळे नगरपरिषदांना ते वापरता येत नाही. ही समजूत बरोबर आहे का, आणि असल्यास सभेत ती कोणत्या शब्दांत मांडावी, हा माझा पहिला प्रश्न.

दुसरी सूचना शिवछत्रपतींच्या अष्टकोनी राजमुद्रेची नक्कल करण्याची आली. त्या मुद्रेविषयी मनात आदरच आहे, परंतु ‘प्रतिपच्चंद्रलेखेव’ हा श्लोक महाराष्ट्र शासनाने योग्य तो बदल करून आपल्या मुद्रेत आधीच घेतलेला आहे. राज्याच्या मुद्रेची धाकटी आवृत्ती काढण्याऐवजी गावाचे स्वतःचे काही त्यात यावे, असे मला वाटते. मुंबई महानगरपालिकेने ‘यतो धर्मस्ततो जयः’ हे ब्रीद घेतले, ते त्या शहराला शोभते; आठवडी बाजार आणि जिनिंगच्या (कापसातून सरकी काढण्याच्या) जिवावर वाढलेल्या गावाला संस्कृत ब्रीद हवेच, असे नाही.

गावाचे स्वतःचे काय, हा प्रश्न मात्र वाटतो तितका सोपा नाही. संत्रे हे सर्वांच्या तोंडी पहिले नाव. नागपुरी संत्र्याला २०१४ मध्ये भौगोलिक मानांकनही मिळाले आहे. पण काटोल, नरखेड, वरुड, मोर्शी या सगळ्याच गावांना संत्र्यावर तेवढाच हक्क सांगता येईल, मग आपल्या मुद्रेचे वेगळेपण कोणते? शिवाय ध्वजाच्या कापडावर नारंगी रंग आला की तो भगव्याच्या जवळ जातो, आणि सभेत चर्चा फळावरून थेट पक्षांवर पोहोचते. हिरवा सुचवला तर एका बाजूच्या भुवया उंचावतात, निळा सुचवला तर दुसऱ्या बाजूच्या. नागपूरच्या आसपास कोणताही रंग निरागस राहिलेला नाही, हे मला या समितीत बसल्यावर नव्याने कळले.

याच शोधात गावातील एका जुन्या व्यापारी घराण्याच्या कागदांत इंग्रजी अमदानीतील घरपट्टीची पावती मिळाली. तिच्यावर जांभळ्या शाईचा लंबगोल शिक्का आहे. कडेने इंग्रजी अक्षरांत ‘म्युनिसिपल कमिटी’ आणि खाली ‘सी. पी.’ (सेंट्रल प्रॉव्हिन्सेस, म्हणजे मध्य प्रांत) एवढे वाचता येते. गावाचे नाव घडीवर आल्यामुळे पुसले गेले आहे. मधोमध एक आकृती आहे. खाली बारीक देठ, वर तीन-चार फुगीर भाग आणि त्यांच्या मुळाशी टोकदार पाने किंवा पाकळ्या. कोणी ते झाड म्हणतात, कोणी कळस, मला ते उमललेले कापसाचे बोंड वाटते. मध्य प्रांतातील म्युनिसिपल कमिट्यांना शिक्क्याची चित्रे नेमून दिलेली असत की प्रत्येक गाव आपापले ठरवत असे, आणि त्याची नोंद आज कोठे मिळू शकेल, हे कोणी सांगू शकेल का? ध्वजाबाबतही कायद्याची बाजू समजून घ्यावयाची आहे.

प्रतिसाद

नमस्कार सर. मी नगरपरिषद प्रशासनात बरीच वर्षे काम केले आहे, त्यामुळे आधी कायद्याचे सांगतो.

अशोकस्तंभाबाबत आपली समजूत बरोबर आहे. २००७ च्या नियमांत नगरपरिषदा आणि पंचायत राज संस्था यांचा नाव घेऊन उल्लेख आहे आणि पत्रशीर्ष, बिल्ले, ध्वज अशा कोणत्याही ठिकाणी त्यांना हे चिन्ह वापरण्यास मनाई आहे. मूळ कायद्यात २ वर्षांपर्यंत कारावास किंवा ५,००० रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही, अशी शिक्षा आहे. सभेत वाद घालत बसण्यापेक्षा नियमाची प्रत मुख्याधिकाऱ्यांच्या टिपणीला जोडावी. विषय तेथेच मिटतो, असा माझा अनुभव आहे.

मुद्रा आणि ध्वज यांची गल्लत मात्र करू नका. १९६५ च्या नगरपरिषद अधिनियमाप्रमाणे नगरपरिषद ही निगम-निकाय, म्हणजे कायद्याच्या दृष्टीने स्वतंत्र अस्तित्व असलेली संस्था असते आणि तिला स्वतःची सामाईक मुद्रा असते. ती संस्थेच्या सहीसारखी असल्यामुळे बदलताना ठरावात नव्या मुद्रेचा नमुना चिकटवावा, कोणत्या तारखेपासून ती लागू होईल ते लिहावे आणि जुना शिक्का पंचांसमक्ष रद्द करून तसा पंचनामा ठेवावा. ध्वजाला असा कायदेशीर आधार नाही. राज्यघटनेत राज्यांच्या ध्वजाविषयीसुद्धा तरतूद नाही. कर्नाटकाने २०१८ मध्ये आपल्या ध्वजाचा आराखडा केंद्राकडे पाठवला, तेव्हा ही चर्चा बरीच झाली होती. गावाचा ध्वज हा फार तर सभेने मान्य केलेला मानाचा विषय राहील. तो राष्ट्रध्वजाच्या दंडावर लावता येणार नाही आणि त्याहून उंचही फडकवता येणार नाही, हे २००२ ची ध्वजसंहिता सांगते. ठराव बेकायदेशीर किंवा शांतताभंगाला कारण होणारा असेल तर जिल्हाधिकारी नगरपरिषद अधिनियमाच्या कलम ३०८ खाली तो तहकूब करू शकतात, म्हणून रंगांचा वाद मिटल्याशिवाय ध्वजाचा विषय पटलावर आणू नये.

आता एक सूचना, कारण माझी स्वतःची संत्र्याची बाग आहे. फळ सोडा आणि फूल घ्या. आंबिया बहार (संत्र्याचा एक फुलोरा) जानेवारी-फेब्रुवारीत फुटतो तेव्हा सगळा शिवार त्या वासाने भरलेला असतो, आणि ते फूल पांढरे, साधारणपणे पाच पाकळ्यांचे असते. एका रंगाच्या शिक्क्यात ते नीट उमटते. ध्वजावरही ते दोन्ही बाजूंनी सारखेच दिसेल, मागून उलटी दिसणाऱ्या अक्षरांसारखी अडचण येणार नाही. पांढऱ्यावर कोणत्याच पक्षाने अजून हक्क सांगितलेला नाही.

जुन्या शिक्क्यासाठी नागपूरच्या विदर्भ अभिलेखागारात चौकशी करा. १९२२ च्या म्युनिसिपालिटी कायद्याच्या आधीचे आणि नंतरचे कागद वेगवेगळे मागावेत.

धागाकर्ता

फार आभारी आहे. नियमाची प्रत आजच मिळवतो आणि टिपणीला जोडण्याविषयी मुख्याधिकाऱ्यांशी बोलतो.

फुलाची कल्पना मला पटली. ३५ ते ४० मिलिमीटरच्या शिक्क्यात बारीक रेघा शाईने भरून जातात, म्हणून मी पाकळ्यांच्या मधली जागा मोकळी सोडून, केसर न दाखवता एक आराखडा काढला आणि नागपुरातील बर्डीवरील (सीताबर्डीच्या बाजारातील) एका कारागिराकडून रबरात उमटवून पाहिला. साध्या कागदावर तो स्वच्छ येतो. खडबडीत हिरव्या टिपणी-कागदावर मात्र पाकळ्यांची टोके पसरतात, तेवढी आखूड करावी लागतील. ध्वजाचा विषय सध्या बाजूला ठेवण्याची विनंती मी समितीला करीन. मुद्रा आधी मंजूर होऊ द्यावी, हेच बरे.

तरीही जुन्या शिक्क्यातील ती आकृती कापसाचे बोंडच निघाली, तर फूल आणि बोंड यांत निवड करावी लागेल, आणि माझा कल तेव्हा बोंडाकडे जाईल, कारण ते गावाने एकदा स्वतः वापरलेले चिन्ह असेल. म्हणून शेवटची विनंती एवढीच की काटोल, सावनेर, उमरेड, रामटेक या भागांतील कोणाकडे म्युनिसिपल कमिटीच्या जुन्या पावत्या किंवा परवाने असतील तर त्यांवरील शिक्क्याचे छायाचित्र येथे द्यावे. शेजारी मोजपट्टी ठेवलेली असावी आणि पावतीवरील नाव व घर क्रमांक झाकलेले असावेत.